कोरी तबकडी कोरी नसते

नवी सीडी-आर डब्यातून काढा आणि ट्यूबलाइटखाली जरा तिरकी धरा. लेबलाची नव्हे, खालची चकचकीत बाजू. एखादीवर पोपटी झाक दिसेल, एखादी गर्द निळी असेल, एखादी इतकी फिकट की जवळजवळ आरसाच. अजून काही भरलेलं नाही, म्हणून आपण तिला कोरी म्हणतो. पण तिच्यात सुमारे साडेपाच किलोमीटर लांबीची एक वाट आधीच कोरून ठेवलेली आहे. त्या वाटेवर मैलाचे दगड आहेत. ती कुठल्या कारखान्यात जन्मली, हे सांकेतिक आकड्यांत नोंदलेलं आहे. आतल्या काठाशी तर रायटरला, म्हणजे सीडी लिहिणाऱ्या यंत्राला, हात बसवून घेण्यासाठी सरावाची जागाही राखलेली आहे!

मी या सगळ्यात शिरलो ते एका साध्या प्रश्नामुळे. घरातला जुना प्लेस्टेशन अजून चालतो, पण गेमच्या मूळ डिस्क आता म्हाताऱ्या झाल्या आहेत. प्लेस्टेशन जपानात ३ डिसेंबर १९९४ला आला, सेगाचा सॅटर्न त्याच्या अकराच दिवस आधी. म्हणजे त्या पिढीतल्या पहिल्या तबकड्यांनी तिशी ओलांडली. त्यांतले बहुतेक गेम आता दुकानात मिळत नाहीत. अमेरिकेत २०१०पूर्वी निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात कुठल्याच रूपात विकत मिळत नाहीत, असं व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनच्या २०२३च्या पाहणीत दिसलं. तेव्हा मूळ डिस्क कपाटात जपावी आणि खेळायला तिची प्रत वापरावी, हे ओघानंच आलं. रीतसर विकत घेतलेल्या प्रोग्रॅमची अशी जपणुकीची प्रत काढायला भारतीय कॉपीराइट कायद्याचं ५२वं कलम मुभा देतं. दुसऱ्याच्या गेमच्या प्रती वाटणं यात बसत नाही, आणि कुलपं फोडण्याबद्दल ६५अ हे वेगळं कलम आहे, एवढं ध्यानात ठेवायचं.

मग प्रश्न उरला, कोरी सीडी कुठली घ्यायची? चहापत्ती कुठली घ्यायची, इतका साधा वाटतो ना? पण त्याचं उत्तर शोधताना रंगांचं रसायन लागतं, गणित लागतं, आणि थकलेल्या डोळ्याची एक गोष्टही लागते.

आधी मूळ, कारखान्यात छापलेली सीडी बघू. १२० मिलिमीटर रुंद, १.२ मिलिमीटर जाड असा पारदर्शक प्लास्टिकचा तुकडा. त्यावर ठशानं उठवलेले सूक्ष्म खळगे, त्यावर ॲल्युमिनियमचा पातळ मुलामा. हे खळगे ग्रामोफोनच्या तबकडीसारखे एकाच वळणावळणाच्या रेषेत आहेत, फक्त ही रेषा आतून बाहेर जाते. चकली पाडताना सोऱ्या मधून सुरू करून बाहेर नेतो ना, तश्शी! या चकलीला वीस हजारांवर वेढे आहेत. दोन वेढ्यांमधलं अंतर १.६ मायक्रॉन, म्हणजे डोक्याच्या एका केसाखाली पन्नासेक वेढे सहज झाकले जातील. उलगडून सरळ केली तर मरीन ड्राइव्हच्या एका टोकाहून दुसरं टोक गाठून अर्ध्याहून जास्त वाट परत यावं, एवढी ती भरेल.

आता ही तबकडी मनातल्या मनात हजारपट मोठी करू. ती क्रिकेटच्या मैदानाएवढी झाली. तरीही तिच्यावरच्या दोन रेघांमधलं अंतर दीड मिलिमीटरच! आणि हे मैदान मिनिटाला शेकडो वेळा गरगर फिरतंय, फिरताना त्याची कड अर्धा मीटर वरखाली डुलतेय, आणि लेझरची नजर मात्र उंचीत एक-दोन मिलिमीटरच्या आत त्या रेघेवर रोखलेली राहायला हवी. खऱ्या मापात म्हणायचं तर तबकडी अर्धा मिलिमीटर हलली तरी चालतं, पण भिंगाला मायक्रॉन-दोन मायक्रॉनची चूक परवडत नाही. म्हणून ते छोटंसं भिंग तारेच्या वेटोळ्यांवर अधांतरी टांगलेलं असतं आणि प्रत्येक क्षणी तबकडीबरोबर वरखाली नाचतं. गेम सुरू होताना कन्सोलमधून येणाऱ्या त्या बारीक कुरकुरीत हेही एक काम चाललेलं असतं.

आणि खळगे वाचायचे कसे? लेझरचा प्रकाश ७८० नॅनोमीटरचा, आपल्याला जवळजवळ न दिसणारा. खळग्याची खोली प्लास्टिकमधल्या त्याच्या लहरीच्या साधारण एक चतुर्थांश ठेवलेली असते. प्रकाश तळाशी जाऊन परत येतो तेव्हा अर्धी लहर मागे पडलेला असतो, आणि शेजारच्या सपाट जागेवरून परतलेल्या प्रकाशाला तो पुसून टाकतो. प्रकाश अधिक प्रकाश बरोबर अंधार! सपाट भाग उजळ, खळगा काळा. या उजेड-अंधाराच्या सीमांवर अख्खी रेसिंगची शर्यत, अख्खं युद्ध, अख्खं संगीत उभं आहे.

इथपर्यंत कारखान्याची गोष्ट झाली. घरच्या टेबलावर कोण खळगे छापणार?

हे कोडं सोडवलं ते कॅपॅसिटर बनवणाऱ्या एका जपानी कंपनीनं. तिचं नाव तायो युडेन. १९८८मध्ये तिनं एकदाच लिहिता येणारी सीडी, म्हणजे सीडी-आर, जगापुढे आणली. युक्ती अशी की खळगा पाडायचाच नाही, फक्त खळग्याचा भास निर्माण करायचा! प्लास्टिकवर आधीच एक अखंड खोबण छापून ठेवायची. तबकडी फिरत असताना तिच्यावर रंगद्रव्याचं द्रावण सोडायचं. ते कडेपर्यंत पसरून केसाच्या शंभराव्या हिश्शाहूनही पातळ थर बनतो. त्यावर सोन्याचा किंवा चांदीचा आरसा, आणि वर वार्निश. लेझरची ताकद वाढवली की तेवढ्याच ठिपक्यात रंगद्रव्य दोन-अडीचशे अंशांपर्यंत तापतं आणि कायमचं बिघडतं. त्या जागी आरसा धुरकट झाल्यासारखा होतो. जुन्या सीडी प्लेअरला तो ठिपका खळगाच वाटतो. या तंत्राच्या जन्माआधी बनलेली यंत्रंसुद्धा या तबकड्या वाचतात, त्यांच्यात काहीही न बदलता. वाचकालाच कळू नये की कागद बदलला आहे, याहून सुंदर अभियांत्रिकी कुठली?

बरं, हे रंग आले कुठून? पहिल्या सीडी-आरमध्ये सायनीन होतं. हे घराणं फोटोग्राफीचं. फिल्मला जास्त रंग ‘दिसावेत’ म्हणून ही रंगद्रव्यं तिच्यात घालत. दुसरं घराणं थॅलोसायनीनचं. निळ्या-हिरव्या रंगांच्या डब्यांत आणि छपाईच्या शाईत त्याची भावंडं सापडतात. तिसरं ॲझो, गर्द निळं. त्याच्या कुळातल्या रंगांनी जगभरचे कपडे रंगतात. म्हणजे तुमचा गेम ज्या रसायनात साठतो, त्याचं नातं घरातल्या साड्या-चादरींशी लागतं.

आणि साडीचा गुण त्याच्यात उतरतोच. चांगली साडी आपण उन्हात वाळत घालत नाही, रंग उडतो म्हणून. प्रकाश रंगाचे रेणू मोडतो. सीडी-आरचं तेच होतं. सायनीन उन्हाला सर्वांत हळवं, थॅलोसायनीन आणि ॲझो त्या मानानं चिवट. म्हणून वर्षानुवर्षं ठेवायची प्रत असेल तर मी पुढच्या दोघांपैकी एक निवडतो. पण कुठल्याही रंगाची सीडी खिडकीशी, गाडीच्या डॅशबोर्डवर ठेवू नये, हे मात्र तिन्ही घराण्यांना सारखंच लागू.

आता त्या थकलेल्या डोळ्याची, म्हणजे कन्सोलच्या लेझरची गोष्ट. छापील सीडी आपल्यावर पडलेल्या प्रकाशातला किमान ७० टक्के परत पाठवते. सीडी-आर थोडी मागे, पण ६५ टक्क्यांच्या वर राहण्याचं बंधन तिच्यावर आहे. आणि पुनःपुन्हा लिहिता येणारी सीडी-आरडब्ल्यू? जेमतेम १५ ते २५ टक्के! तिच्यात रंगद्रव्य नसतं, धातूंचं मिश्रण असतं. ते कधी स्फटिक होतं, कधी विस्कळीत. कल्पना देखणी आहे, पण १९९४च्या डोळ्याला तिच्याकडे बघणं म्हणजे कंदिलाच्या उजेडात पोथी वाचणं. जुन्या कन्सोलसाठी आरडब्ल्यू घेऊच नये. दुकानदार ‘एकच घ्या, परत परत वापरा’ म्हणाला तरी.

आणि हा डोळा नुसता जुना नाही, दमलेलाही आहे. वर्षांगणिक लेझरची ताकद घटते, भिंगावर धूळ बसते. पहिल्या प्लेस्टेशनमध्ये तर भिंगाची गाडी प्लास्टिकच्या रुळावर सरकायची आणि पॉवर सप्लायची धग तिच्या शेजारीच. रूळ झिजला की भिंग तिरकं व्हायचं. तेव्हा मुलं काय करत ठाऊक आहे? अख्खा कन्सोल उलटा ठेवून खेळत! गुरुत्वाकर्षण दुसऱ्या बाजूनं ओढायचं आणि गेम चालायचा. अशा यंत्राला छापील डिस्क वाचताना जेमतेम जमत असेल, तर प्रतीच्या त्या चार-पाच टक्के कमी उजेडानंही फरक पडतो. म्हणूनच एकाच गेमच्या दोन प्रती, एक या कंपनीच्या सीडीवर, एक त्या, आणि एक धावते तर दुसरी अडखळते. हा नशिबाचा खेळ नाही, उजेडाचा हिशेब आहे.

मग चांगली सीडी ओळखायची कशी? डब्यावरचं नाव वाचून? नाही! कारण एकाच नावाच्या डब्यात वेगवेगळ्या वर्षी वेगवेगळ्या कारखान्यांच्या तबकड्या निघतात. खरं नाव खोबणीत आहे.

ही खोबण सरळ वाटते, पण ती किंचित नागमोडी आहे. किती किंचित? एक वळण साधारण ५४ मायक्रॉन लांब, आणि बाजूला झुकणं केवळ ०.०३ मायक्रॉन. ताशी शंभरच्या वेगानं जाणाऱ्या गाडीनं रस्त्यावरच्या पट्ट्यापासून केसभर डावी-उजवी व्हावं, तसं. ठरलेल्या वेगाला ही नागमोड सेकंदाला २२,०५० वेळा थरथरते. तिच्यावरून रायटर आपला वेग जुळवतो. शिवाय त्या थरथरीत आणखी बारीक बदल करून वेळ लिहिलेली असते, मिनिट, सेकंद आणि सेकंदाचा ७५वा भाग. हेच ते मैलाचे दगड. तबकडीवरची प्रत्येक जागा स्वतःचा पत्ता सांगते, एक अक्षरही लिहिलं जाण्याआधी.

आणि कारखान्याचं नाव? तेही वेळेतच दडवलेलं! अगदी आतल्या पट्ट्याची सुरुवात कुठल्या वेळेपासून मोजायची, हा आकडा प्रत्येक उत्पादकाला थोडा वेगळा नेमून दिला आहे. ९७ मिनिटं २४ सेकंद १, म्हणजे तायो युडेन. शेवटच्या आकड्यावरून रंगद्रव्य कुठल्या जातीचं, याचाही ढोबळ अंदाज येतो. संगणकाच्या ड्राइव्हमध्ये कोरी सीडी घालून एखाद्या मोफत प्रोग्रॅमनं ही वेळ वाचता येते.

माझ्याकडच्या एका जुन्या डब्यातली सीडी मी अशी वाचली. पडद्यावर आलं, ९७ मिनिटं १७ सेकंद. म्हणजे मोझर बेअर. डब्यावर वेगळंच नाव होतं आणि तबकडी निघाली आपल्या देशातली! मोझर बेअर हे नाव आपल्याकडे घराघरात गेलं ते स्वस्तातल्या सिनेमांच्या सीडी-डीव्हीडींमुळे. पण दिल्लीजवळ ग्रेटर नोएडातल्या तिच्या कारखान्यातून कोऱ्या तबकड्या जगभर जात, आणि जगातल्या सर्वांत मोठ्या उत्पादकांत तिची गणना होती. २०१८मध्ये ती अवसायनात निघाली. तायो युडेननंही २०१५च्या अखेरीस या धंद्यातून अंग काढून घेतलं. आज चांगल्या कोऱ्या सीडीचा शोध म्हणजे एका ओसरत चाललेल्या कारागिरीचा शोध आहे, आणि म्हणून तो मला इतका मोलाचा वाटतो.

आता सरावाच्या जागेकडे वळू. प्रत्येक कोरी तबकडी दुसरीपेक्षा जराशी वेगळी. थर कुठे नॅनोमीटरभर जाड, हवा कुठे गरम. मग लेझर किती ताकदीनं मारावा, हे रायटरला कसं कळतं? तो आधी करून बघतो! अगदी आतल्या काठाला त्याच्यासाठी एक छोटा पट्टा राखलेला आहे. तिथे तो कमी-जास्त ताकदीचे ठिपके उठवतो, स्वतःच वाचून पाहतो, सर्वांत स्वच्छ उठलेला निवडतो, आणि मगच खऱ्या लिखाणाला हात घालतो. रांगोळीचे ठिपके घालण्याआधी चिमटीतून पांढरी कशी सुटते ते कोपऱ्यात पाहून घ्यावं, तसं. आपल्याला पडद्यावर ‘तयारी चालू आहे’ एवढंच दिसतं.

यातूनच वेगाचा वाद सुटतो. ‘जितकं हळू राइट कराल तितकं चांगलं’ हे आपण सगळ्यांनी ऐकलेलं. जुन्या, कमी वेगाच्या तबकड्यांसाठी ते खरं होतं. पण आजची ५२ पट वेगाची सीडी छोट्या, जोरकस तडाख्यासाठी घडवलेली असते. तिला अगदी मंद आचेवर ठेवलं तर ठिपक्यांच्या कडा पसरू शकतात. भाकरी तापलेल्या तव्यावर फुगते, निवत आलेल्या तव्यावर नुसती वाळते. पूर्ण वेगानं मारलं तरी कडा फाटतात. ८ ते १६ पट हा मधला वेग मी घेतो, आणि तो क्वचितच दगा देतो.

तरीही चुका होतातच. धुळीचा कण, बोटाचा ठसा, रंगात एखादं छिद्र. मग गेम चालतो कसा? इथे माझ्या मते सगळ्यात मोठा चमत्कार आहे. तबकडीवरच्या ठिपक्यांपैकी तुमच्या कामाची माहिती जेमतेम एक तृतीयांश जागेत असते. ५८८ तुकड्यांच्या एका चौकटीत खरी माहिती १९२! बाकी सगळं ती माहिती सांभाळण्यासाठी.

‘सा_ारा’ असं लिहिलं तर तुम्ही सातारा वाचता. एक अक्षर गेलं तरी उरलेली अक्षरं त्याची जागा भरतात. पण ‘सा_ _ _’ असेल तर? सासवड की सावनेर, कोण सांगणार? म्हणून सीडी एक हुशारी करते. शब्दातली अक्षरं शेजारी ठेवतच नाही. पत्ते पिसावेत तशी ती दूरदूरच्या जागी पेरते. ओरखडा येतो आणि सलग जागा खाऊन टाकतो, पण वाचताना पत्ते परत जागच्या जागी लागले की ते नुकसान शेकडो शब्दांत एकेका अक्षराचं होऊन वाटलं गेलेलं असतं. मग गणित प्रत्येक रिकामी जागा भरून काढतं. अंदाजानं नव्हे, अचूक! वाटेवरचा जवळजवळ अडीच मिलिमीटरचा तुकडा सलग नष्ट झाला तरी शेवटच्या टिंबापर्यंत माहिती परत मिळते. हे गणित अर्व्हिंग रीड आणि गुस्ताव सॉलोमन यांनी १९६०मध्ये मांडलं. युरेनसजवळून व्हॉयेजर यानानं पाठवलेली चित्रं आपल्यापर्यंत नीट पोचली त्यातही याच गणिताचा हात होता.

संगणकी माहितीसाठी यावर आणखी एक कवच असतं. प्रत्येक २,३५२ बाइटच्या खणात २,०४८ बाइट माहिती आणि उरलेल्या जागेत पत्ता आणि जास्तीची दुरुस्ती. पण प्लेस्टेशनच्या गेममधल्या चित्रफितींचा आवाज पाहा. त्याच्यासाठी हे जास्तीचं कवच काढून त्याच खणात २,३२४ बाइट भरले जातात. कारण आवाजात क्षणभर एक कण चुकला तर कुणाच्या लक्षातही येत नाही, पण प्रोग्रॅममधली एक चूक गेम गोठवते. शिवाय चित्रफीत थांबून परत वाचायला उसंत नसते. म्हणूनच सुमार सीडीची पहिली खूण गेम बंद पडणं ही नसते. सुरुवातीची फिल्म अडखळते, आवाज तुटतो. प्रत तपासायची असेल तर फिल्म शेवटपर्यंत बघा, ‘पुढे’ दाबू नका.

आता कोणी म्हणेल, इतकी हुबेहूब प्रत निघते, तर प्लेस्टेशनला ती परकी आहे हे कळतं कसं? कारण सोनीनंही तीच नागमोड वापरली! मूळ काळ्या डिस्कच्या आतल्या पट्ट्यात वाट किंचित थरथरते आणि त्या थरथरीत चार अक्षरं दडलेली आहेत. पहिली तीन एस, सी, ई. शेवटचं प्रदेशाचं: जपानला आय, अमेरिकेला ए, युरोपला ई. कन्सोल सुरू होताना ही अक्षरं ऐकतो. रायटरला ती लिहिता येत नाहीत, कारण रायटर ठिपके उठवतो, वाट वळवत नाही. कोऱ्या सीडीची वाट तर कारखान्यातच वळून आलेली, तिच्यात आधीच तिच्या कारखान्याचं नाव. म्हणून हुबेहूब प्रतही न बदललेल्या प्लेस्टेशनमध्ये सुरू होत नाही, मग सीडी कितीही उंची घ्या. सॅटर्ननं असाच पहारा तबकडीच्या बाहेरच्या काठावर बसवला होता.

सेगाच्या ड्रीमकास्टची तऱ्हा वेगळी. नोव्हेंबर १९९८मध्ये तो आला तेव्हा त्याच्या डिस्कवर, यामाहानं घडवलेल्या जीडी-रॉमवर, सुमारे एक गिगाबाइट मावायचं. त्याच आकाराची तबकडी, तोच लेझर, फक्त चकलीचे वेढे जास्त घट्ट! पण मिल-सीडी नावाच्या चित्र-संगीताच्या सीडींसाठी सेगानं साध्या सीडीवरून सुरू होण्याची वाटही ठेवली होती. त्या वाटेनं हौशी लोकांचे स्वतः रचलेले गेम आजही साध्या सीडी-आरवरून ड्रीमकास्टमध्ये चालतात. इथे आणखी एक गंमत. हा ड्राइव्ह एकाच गतीनं फिरतो. जत्रेतल्या चक्रात खांबाजवळचा घोडा हळू जातो आणि कडेचा सुसाट, तसं तबकडीची कड दोन-सव्वादोन पट वेगानं वाचली जाते. म्हणून प्रत तयार करणारे आतल्या भागात बिनकामाची फाइल भरतात आणि गेमला कडेकडे ढकलतात. पण सीडी-आरचा थर कडेलाच जास्त कमी-जास्त असतो. म्हणजे ड्रीमकास्टसाठी सीडी निवडताना तिची कड कशी आहे हे महत्त्वाचं.

प्लेस्टेशन टूसाठी डीव्हीडी. तिच्यात दोन पातळ तबकड्या चिकटवून माहिती मधोमध सुरक्षित ठेवलेली.  यंत्र मार्च २००० मधलं. डीव्हीडी प्लस आर ही जात तेव्हा बाजारात आलेलीच नव्हती, म्हणून जुना ड्राइव्ह तिला ओळखताना बिचकतो. त्यावर उपाय असा, की काही रायटर प्लस आरच्या सुरुवातीला ‘मी छापील डीव्हीडी-रॉम आहे’ अशी नोंद घालू शकतात. मायनस आरमध्ये ही जागा कारखान्यातच ठरलेली असते. ती ओळख लपवत नाही, आणि जुन्या यंत्राला ती सहसा चालते.

एक गोष्ट मात्र मी स्वतःच्या हातानं शिकलो. काही वर्षांपूर्वी राइट केलेल्या एका सीडीवर मी कागदी लेबल चिकटवलं होतं. ते तिरकं लागलं म्हणून सोलायला गेलो. लेबल सुटलं आणि त्याच्याबरोबर रुपेरी पापुद्राही. हातात उरला नितळ प्लास्टिकचा तुकडा, पलीकडची खिडकी दिसत होती त्यातून. तेव्हा कळलं की सीडीचा गेम खालच्या चकचकीत बाजूला नसतोच! तो वर आहे, लेबलाच्या अगदी खाली, काही मायक्रॉनच्या वार्निशाआड. खालून मात्र सव्वा मिलिमीटर प्लास्टिकची ढाल. त्या ढालीच्या पृष्ठावर लेझरचा झोत अजून मिलिमीटरभर पसरट असतो, म्हणून तिथली धूळ त्याला आडवी येत नाही. आणि आपण आयुष्यभर सीडी उपडी ठेवत आलो, नाजूक बाजू टेबलावर घासत.

तर तुम्ही दुकानात उभे असाल, तर माझं म्हणणं ऐका. ८० मिनिटांची साधी सीडी-आर घ्या, ९० किंवा ९९ मिनिटांची नको. तिच्यात वेढे नियमाबाहेर दाटलेले असतात. आरडब्ल्यू नको. पूर्ण डबा घेण्याआधी एकच सीडी घ्या, तिच्या खोबणीतलं नाव वाचा, एक गेम मधल्या वेगानं आणि एका दमात, मध्ये न थांबता राइट करा. मूळ डिस्कशी बिटशः ताडून पाहा, मग कन्सोलमध्ये घालून सुरुवातीची फिल्म पूर्ण बघा. जमलं तर त्याच खेपेचा डबा उचला. वर सीडीच्या खास पेननं नाव लिहा, लेबल चिकटवू नका. उभी, थंड, अंधाऱ्या कपाटात ठेवा.

आणि उचलण्याआधी ती एकदा दिव्यासमोर धरा. आरपार सुईच्या टोकाएवढे उजेडाचे ठिपके दिसले, तर तिथे आरसा फुटका आहे. ती सीडी परत करा.